शोकांतिकेचे प्रहसन

गंभीर, शोकान्त नाटकातील गाजलेले प्रसंग छोट्या विनोदी प्रवेशांत उलटवून सादर करण्याचा नाट्यप्रकार. प्रेक्षकांना मूळ नाटक तोंडपाठ असेल तरच तो रंगतो.

मराठीत त्याची बीजे शोकांतिकेतच सापडतात. राम गणेश गडकरी यांचे ‘एकच प्याला’ 1919 मध्ये, त्यांच्या निधनानंतर, गंधर्व नाटक मंडळीने रंगभूमीवर आणले. सुधाकर-सिंधूचा संसार दारूपायी उद्ध्वस्त होत असताना त्याच नाटकात दारुडा तळीराम आर्यमदिरामंडळाची, म्हणजे दारुड्यांच्या मंडळाची, सभा भरवतो. ठराव काय, भाषणे काय, सारा थाट सुधारकी सभेचा! प्रेक्षक पोट धरून हसतो, आणि पुढच्याच प्रवेशात सिंधूचे हाल पाहून त्याला भरून येते. हा तोल गडकऱ्यांइतक्या ताकदीने क्वचितच कुणी सांभाळला असेल.

वि. वा. शिरवाडकरांच्या ‘नटसम्राट’मधील (1970) अप्पासाहेब बेलवलकरांची स्वगते घरोघरी पोचली. त्यांचा भारदस्त सूर क्षुल्लक तक्रारीला लावला, की लगेच हशा पिकतो. एकपात्री कलाकारांच्या आणि नकलाकारांच्या हे पथ्यावर पडले.

मराठीबाहेरही हा प्रकार दिसतो. मुंबईत 2008 मध्ये रजत कपूर यांनी ‘हॅम्लेट : द क्लाउन प्रिन्स’ बसवले. त्यात विदूषकांची टोळी इंग्रजीत निरर्थक बडबड मिसळून हॅम्लेट उभा करते. अतुल कुमार त्यातील प्रमुख विदूषक होते. ‘रिड्यूस्ड शेक्सपिअर कंपनी’ने तर शेक्सपिअरची 37 नाटके 97 मिनिटांत बसवली.