सलूजा, रेणू
(५ जुलै १९५२ – १६ ऑगस्ट २०००). भारतीय चित्रपट-संकलक. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलनाचे शिक्षण घेतल्यावर त्यांनी मुंबईत काम सुरू केले. सईद मिर्झा, गोविंद निहलानी, विधू विनोद चोप्रा, सुधीर मिश्रा अशा अगदी वेगळ्या वळणाच्या दिग्दर्शकांनी आपले चित्रपट त्यांच्याकडे विश्वासाने सोपवले.

विनोदाचा त्यांचा ताल जाने भी दो यारो (१९८३) मध्ये दिसतो. महाभारताच्या नाटकात द्रौपदीच्या वेशातले प्रेत, ते पळवायला रंगमंचावर घुसलेली मंडळी आणि गोंधळलेला धृतराष्ट्र. अशा धुमश्चक्रीत एखादा कट थोडा उशिरा आला तरी हशा विरतो. इथे एकही चुकत नाही. त्याच वर्षी आलेला अर्धसत्य नेमका उलट स्वभावाचा. श्री. दा. पानवलकरांची कथा आणि विजय तेंडुलकरांची पटकथा असलेल्या या चित्रपटात त्या ओम पुरींच्या चेहऱ्यावर रेंगाळतात आणि आतली धुमस साठू देतात. पुढे बँडिट क्वीन, परदेस आणि हे राम असा त्यांचा पल्ला विस्तारला. एकाच हाताने हे सारे कापले-जोडले, हे पडद्यावर ओळखू येत नाही, आणि हेच त्यांचे मोठेपण.

परिंदा, धारावी, सरदार आणि गॉडमदर या चित्रपटांसाठी त्यांना संकलनाचे राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. कर्करोगाने मुंबईत त्यांचे निधन झाले. तेव्हा त्या अवघ्या ४८ वर्षांच्या होत्या.