पेपर दिसतो, पण तारखेचं काय?

मंडळी, पावसाळ्यात विहीगावचा धबधबा बघून आलेले आपल्यात बरेच असतील. कसाऱ्याला उतरायचं, जीप पकडायची, मनसोक्त भिजायचं आणि परत. तोच रस्ता पुढे खोडाळ्याला जातो. मोखाडा तालुक्यातलं हे गाव मुंबई विद्यापीठाच्या हद्दीत येतं. म्हणजे इथल्या पोराच्या मार्कशीटवरचा शिक्का आणि चर्चगेटच्या कॉलेजातल्या पोराचा शिक्का एकच! फरक कळतो तो निकाल अडकल्यावर. एक जण रिक्षाने कलिन्याला जाऊन चौकशी करतो. दुसऱ्याला आधी कसारा गाठावं लागतं, मग लोकलमध्ये दोन-अडीच तास. एवढं करून 'पुढच्या आठवड्यात या' ऐकायचं.

आता थोडा इतिहास. 1977 च्या नियमांनुसार आपल्या राज्य मंडळाच्या परीक्षेत फक्त गुणांची बेरीज पडताळून मिळायची. उत्तरपत्रिका बघायची नाही, फेरतपासणी मागायची नाही. दहावी-बारावीची मुलं मुंबई उच्च न्यायालयात गेली आणि चक्क जिंकली. मंडळ सर्वोच्च न्यायालयात गेलं. 17 जुलै 1984 ला निकाल फिरला. लाखो उत्तरपत्रिका पुन्हा उघडायच्या म्हटलं तर निकाल कधी संपणारच नाहीत, असा त्यामागचा साधारण विचार. व्यवस्थेच्या बाजूने बघितलं तर मुद्दा अगदीच चुकीचा नाही.

पुढे माहितीचा अधिकार आला. 9 ऑगस्ट 2011 ला सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की तपासलेली उत्तरपत्रिका ही 'माहिती' आहे, विद्यार्थी ती बघू शकतो, प्रत घेऊ शकतो. सत्तावीस वर्षांनी कपाट उघडलं! पण बघण्याचा हक्क वेगळा आणि पुन्हा तपासून घेण्याचा वेगळा. 11 डिसेंबर 2017 च्या आणखी एका निकालात न्यायालयाने बजावलं की नियमात फेरतपासणी नसेल, तर उघड दिसणारी चूक असल्याशिवाय कोर्टाने त्यात पडू नये, आणि पेपर स्वतः तर तपासूच नये.

असो. आता आपल्या धंद्याशी जवळचा भाग. 2017 च्या उन्हाळी परीक्षांना मुंबई विद्यापीठाने एकदम सगळ्या पेपरांची ऑनस्क्रीन तपासणी सुरू केली. 17 लाखांच्या वर उत्तरपत्रिका, स्कॅनिंग, नवं सॉफ्टवेअर, आणि पायलट न करता थेट प्रॉडक्शन. आपल्यापैकी कुणीही सांगितलं असतं काय होणार ते. त्याच वर्षी 1 मार्चला लागू झालेला नवा विद्यापीठ कायदा सांगत होता की निकाल शक्यतो 30 दिवसांत आणि फार तर 45 दिवसांत लावा. राज्यपालांनी दिलेली 31 जुलैची मुदतही हुकली. कायद्याचे विद्यार्थी उच्च न्यायालयात गेले, निकाल सप्टेंबरपर्यंत लांबले, आणि ऑक्टोबरमध्ये कुलगुरूंना पद सोडावं लागलं.

मला यात एक गोष्ट खटकते. फेरतपासणीचा अर्ज निकालानंतर करायचा असतो, म्हणजे निकालाला झालेला सगळा उशीर आधीच तिच्या डोक्यावर बसलेला. तोवर एमएची प्रवेशयादी लागून जाते, केटीचा फॉर्म भरून होतो, कधीकधी तोच पेपर परत देऊनही होतो. मग सहा मार्क वाढल्याचं पत्र येतं. मार्क बरोबर, हो. पण त्याचं करायचं काय?

आपण क्लायंटला एसएलए देतो तेव्हा 'काम होईल' एवढं लिहून भागत नाही. किती तासांत, ते लिहावं लागतं, आणि चुकलं तर दंड भरावा लागतो. इथे निकालाला 45 दिवसांची मुदत तरी आहे. उशिरा आलेल्या फेरतपासणीची किंमत मात्र विद्यापीठ मोजत नाही, पोरगं मोजतं. शहरातलं पोरगं एक वर्ष क्लास लावून काढेल. खोडाळ्यातलं कामाला लागेल, आणि एकदा लागलं की बहुतेक वेळा परत येणार नाही.

1984 साली कोर्टाला काळजी होती की निकाल कधी संपणारच नाहीत. मग त्याच न्यायाने फेरतपासणीचीही शेवटची तारीख ठरवा, आणि ती पुढच्या प्रवेशाच्या आत येऊ द्या. एवढंच मागणं आहे.