बिरड्याचा सण

यहुदी म्हटले की आपल्या घरांत टीव्हीवरचे युद्धच आठवते. कोकणातले बेने इस्राईल मात्र मराठी बोलणारे यहुदी. तेल गाळायचे, शनिवारी घाणा बंद. म्हणून ‘शनवार तेली’. जेरुसलेमचे हैकल उद्ध्वस्त झाल्याच्या शोकदिनाला ते ‘बिरड्याचा सण’ म्हणत. दिवसभराचा उपास वालाच्या बिरड्याने सुटे. शोकाचा दिवस, आणि नाव कडधान्याचे! आमच्या हिंगोलीत मोहरमला खिचडा शिजतो, त्यामुळे मला ते परके वाटले नाही.

गेल्या रविवारी घरी बिरडे केले. मोड आलेले वाल कोमट पाण्यात टाकून मुलांना सोलायला बसवले. खोबरे, आमसूल घालून अम्मीने शिजवले. चाखून म्हणाली, “येत्या मोहरमला खिचड्यात हेच वाल टाकू.”