श्यूरमान वास्तुकार घराणे

श्यूरमान घराणे : सायकल शर्यतींचे ट्रॅक (व्हेलोड्रोम) आखणारे जर्मनीतील म्युन्स्टरचे तीन पिढ्यांचे वास्तुकार कुटुंब. मूळ पुरुष क्लेमेन्स श्यूरमान (१८८८–१९५७) स्वतः ट्रॅकवरचा शर्यतपटू. मुलगा हर्बर्ट याने म्युनिक ऑलिंपिकचा (१९७२) आणि बार्सिलोनातील होर्टाचा ट्रॅक आखला. नातू राल्फने बीजिंग ऑलिंपिकच्या (२००८) लाओशान व्हेलोड्रोमचा. छप्पर आणि प्रेक्षकांची बैठक कोणताही जाणता वास्तुकार उभी करील. या घराण्याचे कसब आहे ते वळणात.

वळणाची त्रिज्या २२ मीटर आणि उतार ४५ अंश धरला, तर ताशी सुमारे ५३ किलोमीटर वेगाला घसरण्याचा प्रश्नच उरत नाही. टायरच्या पकडीवाचूनही सायकल आपल्या रेषेत राहते. स्प्रिंटचा वेग याहून बराच जास्त, रेंगाळत डाव टाकणाऱ्याचा फार कमी, आणि दोघांनाही त्याच फळ्यांवरून जायचे असते. सरळ भागात मात्र उतार जेमतेम बारा-तेरा अंश. तिथून वळणाच्या कड्यापर्यंत तो किती मीटरांत आणि कोणत्या वक्राने चढवायचा, यावर सारे ठरते. चढ एकदम आला तर शरीरावरचा भारही एकदम वाढतो आणि हँडल हातात झटका देते. म्युनिकचा ट्रॅक २८५.७१४ मीटरांचा होता (साडेतीन फेऱ्यांत बरोबर एक किलोमीटर). आज ऑलिंपिकला २५० मीटरच चालतो. फेरी आखडली की वळण आवळते आणि चूक खपत नाही.

आता संगणक आहे, आंतरराष्ट्रीय महासंघाचे नियम आहेत, मग घराण्याची मातब्बरी कसली, असा आक्षेप येतो. तो अर्धाच खरा. नियम लांबी, रुंदी, पृष्ठभागाची सपाटी बांधून देतात. सरळ भाग आणि वळण यांच्या सांध्याचा वक्र आखणाऱ्यावरच सोडतात. शिवाय असे ट्रॅक जगात थोडेच होतात. सुट्या वास्तुकाराला आयुष्यात एखादा मिळेल, त्यामुळे आधीच्या ट्रॅकवर स्वार कुठे अडखळले याचा हिशेब एका कचेरीत साठत जाणे हेच खरे भांडवल.

यवतमाळसारख्या सागाच्या जिल्ह्यात दुसरी शंका येईल: लाकूड घरचे, मग ट्रॅक बांधायला अडते कुठे? एक तर बंदिस्त ट्रॅकला लागतात त्या लांब, सरळ धाग्याच्या स्प्रूस-पाइनच्या पट्ट्या. त्यात वणी-पांढरकवड्याकडचे ऊन आणि मागोमाग येणारा पावसाळा उघड्यावरच्या फळ्यांचे सांधे टिकू देणार नाही. छपराचा खर्च झेपत नसेल तर १९९४च्या राष्ट्रीय स्पर्धांसाठी बांधलेल्या बालेवाडीसारखा काँक्रीटचा ट्रॅक हाच व्यवहार. काँक्रीट ओतण्यापूर्वी वक्र मात्र तितक्याच काटेकोरपणे आखावा लागेल. फळी बदलता येते, ओतलेले वळण फोडावे लागते.