देवक : वनस्पतीशी नाते आणि एका संज्ञेचा इतिहास

भोर तालुक्यातील आंबवडे हे गाव जुन्या रोहिडखोऱ्यात मोडते. या खोऱ्याची देशमुखी जेध्यांकडे होती आणि त्यांचे कारी हे गाव आंबवड्यापासून जवळच आहे. इ. स. १६१८ ते १६९७ या काळातील घटनांची मिती-वारांसह नोंद करणारी ‘जेधे शकावली’ याच घराण्याच्या दप्तरातून उजेडात आली. लढाया, वतने, जन्म-मृत्यू यांची स्मृती तेथे कागदाने सांभाळली. मात्र याच मावळपट्टीतील कुळांनी आपल्या नात्यांची एक दुसरी स्मृती कागदावर न ठेवता झाडाच्या फांदीवर ठेवली. ती म्हणजे देवक. इतिहासलेखनाने पहिल्या स्मृतीला साधनाचा दर्जा दिला. दुसरीकडे पाहताना मात्र तिला ‘अवशेष’ असे नाव दिले. या नामकरणाचे परिणाम लोकसाहित्याच्या समीक्षेलाही भोगावे लागले आहेत.

मराठा-कुणबी आणि इतर अनेक जातींत विवाहाच्या आरंभी देवक ‘बसवले’ जाते. कुळाला मान्य असलेल्या झाडाची फांदी, किंवा पाच झाडांचे पल्लव, सवाष्ण आणि तिचा पती वाजतगाजत आणतात. बहुधा मारुतीच्या देवळात तिची पूजा होते आणि मग ती घरी आणून मांडवाच्या मेढीशी बांधली जाते किंवा देव्हाऱ्यापाशी स्थापिली जाते. कळंब, पंचपल्लव, उंबर, वड, रुई ही देवके सर्वपरिचित आहेत. रूढीप्रमाणे एका देवकाच्या दोन कुळांत सोयरीक होत नाही; आपल्या देवकाचे झाड तोडू नये, असाही संकेत होता. देवक बसले की ते उठेपर्यंत घराला सुतक लागत नाही. कार्य उरकले म्हणजे देवक ‘उठवले’ जाते. बसवणे आणि उठवणे ही दोन क्रियापदे येथे निर्णायक आहेत. झाड एरवी शिवारात उभेच असते. त्याचे देवकपण मात्र विधीच्या अवधीत प्रत्यक्षात येते.

वनस्पतीशी विधिपूर्वक जोडल्या जाणाऱ्या इतर नात्यांशी तुलना केली असता हे वेगळेपण स्पष्ट होते. कार्तिकातील तुळशीच्या लग्नात तुळस वधू असते. तिसऱ्या विवाहाचा दोष टाळण्यासाठी सांगितलेल्या अर्कविवाहात रुई पत्नीच्या जागी येते. या दोन्ही विधींत वनस्पती विवाहसंबंधाच्या एका टोकाला उभी असते. देवक विवाहाच्या पक्षात नसते. ते कुळाच्या पक्षात असते. तुळस ‘दिली’ जाते, देवक ‘आणले’ जाते. एकात सोयरीक आहे, दुसऱ्यात भाऊबंदकी.

या विधीला ‘टोटेम’ हा शब्द बाहेरून येऊन चिकटला. उत्तर अमेरिकेतील ओजिब्वा भाषेतून तो १७९१ मध्ये जॉन लाँग या व्यापाऱ्याच्या प्रवासवर्णनात उतरला. मक्लेनन याने १८६९-७० मध्ये त्यावर धर्माच्या आद्यावस्थेचा सिद्धान्त उभारला आणि फ्रेझरने १९१० मध्ये त्याला चार खंडांचा विस्तार दिला. मुंबई इलाख्यातील जातिजमातींविषयीचे आर. ई. एन्थोवेन यांचे तीन खंड १९२० ते १९२२ या काळात प्रसिद्ध झाले, तेव्हा ही चौकट तयारच होती. जातीमागून जात घेऊन देवकांच्या याद्या तयार झाल्या. त्या याद्यांचे मोल आजही आहे. परंतु यादीत येताच क्रियापद गळून पडले आणि नाम तेवढे उरले. ‘देवक बसवतात’ या वाक्याच्या जागी ‘अमुक कुळाचे देवक कळंब’ हे वाक्य आले.

टोटेमवादाच्या वंशोत्पत्तीच्या कल्पनेला देवकांची यादीच पुरती जुमानत नाही. मोऱ्यांचे देवक मोराचे पीस, साळुंख्यांचे साळुंखीचे पीस, येथपर्यंत नाव आणि चिन्ह यांचा मेळ बसतो. पण तलवारीचे पाते, शंख, काही जातींत व्यवसायाचे हत्यार हीही देवकेच आहेत. कोणतेही कुळ आपण पात्यापासून जन्मलो असे मानीत नाही. शिवाय पाच झाडांचे पल्लव हा एकच पूर्वज कसा ठरावा? इरावती कर्वे यांनी १९५३ च्या आपल्या ग्रंथात भारतीय नातेव्यवस्थेचा प्रदेशवार विचार केला, आणि लेव्ही-स्ट्राउस याने १९६२ मध्ये टोटेमवाद हीच मुळात अभ्यासकांनी रचलेली एकसंध वस्तू असल्याचे दाखवले. त्याच्या मते निसर्गातील भेद हे समाजातील भेद विचारात घेण्याचे साधन असतात. देवकाच्या आकलनास हा विचार बराच उपयोगी आहे; तथापि तोही पुरेसा नाही. भेद दाखवण्यासाठी नाव पुरले असते. मग फांदी प्रत्यक्ष आणावी का लागते?

येथे समीक्षेचा संबंध येतो. रोमान याकबसन याने १९५६ मध्ये भाषाव्यवहाराचे साम्याधिष्ठित आणि सान्निध्याधिष्ठित असे दोन अक्ष मांडले. स्त्रियांच्या ओव्यांतील आणि लग्नगीतांतील झाडे मराठी अभ्यासात पुष्कळदा पहिल्या अक्षावर वाचली जातात : उंबर म्हणजे सुफलता, वड म्हणजे दीर्घायुष्य. देवकाची फांदी मात्र कशासारखी नसते. ती झाडाचा तुकडा असते, मांडवाला टेकलेली असते, कुळाच्या शेजारी बसलेली असते. तिचा अर्थ सान्निध्यातून येतो. अशा विधीच्या परिसरात गायिलेल्या गीतातील झाडाला प्रतीक म्हणण्यापूर्वी ते गाणाऱ्या बाईचे कोण लागते, हा प्रश्न विचारावयास हवा. तो न विचारल्यास संहिता सुटी होते आणि एन्थोवेनच्या यादीप्रमाणेच तिच्यातीलही क्रियापद हरवते.

आज विवाहेच्छूंच्या परिचयपत्रात कुळ, गोत्र यांच्या ओळीत ‘देवक’ हा रकाना छापलेला आढळतो. तेथे नाव असते, फांदी नसते. उलट शहरातील कार्यालयात बाजारातून आणलेले पल्लव बांधले जातात. तेथे फांदी असते आणि कित्येकदा कुळाचे झाड कोणते हे कोणाला आठवत नसते. नाम आणि क्रिया यांची ही फारकत शंभर वर्षांपूर्वी याद्यांत सुरू झाली होती. ती आता व्यवहारात पुरी होत आहे. देवकाचा इतिहास लिहावयाचा तर झाडांची नावे जमवून भागणार नाही. फांदी कोणी आणली, कोठे टेकवली आणि केव्हा उठवली, हे नोंदवावे लागेल. शकावलीने घटनांसाठी जे केले, ते या नात्यांसाठी अद्याप कोणी केलेले नाही.