रावबहादुर पारसनीस यांची ग्रंथसंपदा : राक्षसभुवनच्या तीरावरून एक अवलोकन

राक्षसभुवन हें गांव बीड जिल्ह्याच्या गेवराई तालुक्यांत गोदावरीच्या दक्षिण तीरीं वसलेलें आहे. भाविक लोक तेथें शनीच्या दर्शनास जातात; इतिहासाच्या अभ्यासकास मात्र त्या स्थळीं 10 ऑगस्ट 1763 या दिवसाचें स्मरण होतें. निजामअली त्या दिवशीं पूर आलेल्या गंगेच्या पैलतीरीं होता आणि त्याचा दिवाण राजा विठ्ठल सुंदर अलीकडील तीरावर पेशव्यांच्या फौजेच्या तडाख्यांत सांपडला. विठ्ठल सुंदर रणांत पडला, आणि त्याच वर्षीं निजामानें केलेल्या पुण्याच्या लुटीचा सूड उगविला गेला. थोरल्या माधवरावाच्या कर्तृत्वाचा उदय येथूनच धरण्याची चाल आहे.

परंतु या प्रसंगाचे कागद बीड प्रांतीं शोधूं गेल्यास निराशाच पदरीं येते. जेत्याचें दप्तर पुण्यास आणि कारभाऱ्यांच्या वाड्यांत राहिलें. पेशवाई बुडाल्यावर हा मुलूख सप्टेंबर 1948 पर्यंत निजामाच्या राज्यांत होता. तेथील राजभाषा प्रथम फारशी व पुढें उर्दू. यामुळें आपल्याच अंगणांत घडलेल्या लढाईची हकीकत बीडच्या मराठी वाचकास परमुलखांत छापलेल्या पुस्तकांतून वाचावी लागली. अशीं पुस्तकें सामान्य वाचकाच्या हातीं देणाऱ्यांत साताऱ्याचे रावबहादुर दत्तात्रय बळवंत पारसनीस हे अग्रगण्य होत. त्यांचे ग्रंथ कोणत्या जातीचे, त्यांवर कितपत विसंबावें आणि त्यांपासून पोथ्या-कागद जमविणारानें काय घ्यावें, याचा विचार येथें योजिला आहे.

पारसनीस यांचा जन्म 1870 सालचा. विशी उलटण्यापूर्वींच, 1887 सालीं, त्यांनीं ‘महाराष्ट्र कोकिळ’ हें मासिक काढिलें. पुढें ‘भारतवर्ष’ निघालें. त्यांत हरि नारायण आपटे यांचें साह्य होतें. 1908 पासून 1916 पर्यंत ‘इतिहाससंग्रह’ चाललें. म्हणजे हा पुरुष प्रथम मासिककर्ता, मग इतिहासकार. ही गोष्ट ध्यानांत ठेविल्यावांचून त्यांच्या ग्रंथांचा उलगडा होत नाहीं. मासिकाचा अंक वेळेवर निघाला पाहिजे, वर्गणीदाराची उत्सुकता टिकली पाहिजे आणि हातीं आलेला कागद ताजा असतांच छापला पाहिजे, हा त्या धंद्याचा नियम. त्यांच्या विषयांतील विविधता येथूनच उपजली, असें आमचें मत आहे.

ती विविधता खरोखर नवल करण्याजोगी आहे. 1894 सालीं झांशीच्या महाराणी लक्ष्मीबाईसाहेबांचें चरित्र. पुढें अयोध्येचे नबाब. 1900 सालीं ब्रह्मेंद्रस्वामी धावडशीकरांचें चरित्र. नंतर बायजाबाई शिंदे, दिल्ली शहर, 1904 सालीं मराठ्यांचें आरमार आणि तंजावरचें राजघराणें. इंग्रजींत सांगली संस्थान, महाबळेश्वर व जुनें पुणें यांवर स्वतंत्र पुस्तकें. शिवाय चार्ल्स किंकेड यांच्यासह लिहिलेला मराठ्यांचा इंग्रजी इतिहास. त्याचे तीन भाग 1918, 1922 व 1925 सालीं प्रसिद्ध झाले. शाहूच्या निधनापुढील काल तिसऱ्या भागांत येत असल्यामुळें राक्षसभुवनचा प्रसंगही त्याच भागाच्या कक्षेंत पडतो.

या ग्रंथांचे आम्ही तीन वर्ग करितों. पहिला वर्ग कथनाचा. लक्ष्मीबाईचें चरित्र त्यांत मुकुटमणि होय. बंड मोडून चाळीस वर्षेंही लोटलीं नव्हतीं. राणीचें नांव आदरानें छापणें हेंच धाडस होतें. पारसनीसांनीं युक्तीनें कार्य साधलें. राणीचे दत्तक पुत्र दामोदरराव यांस मार्टिन नामक इंग्रजानें 1889 सालीं लिहिलेलें पत्र त्यांनीं पुढें मांडलें आणि झांशींतील इंग्रजांच्या कत्तलीचा डाग राणीवरून काढण्याचा यत्न केला. राणीचें निर्दोषत्व सिद्ध करण्याच्या या आग्रहांत तिचें लढणें मात्र परिस्थितीनें लादलेलें ठरलें. वृंदावनलाल वर्मा यांनीं 1946 सालच्या आपल्या हिंदी कादंबरीच्या प्रस्तावनेंत या निष्कर्षाशींच वाद घातला. पुस्तकाचें वजन यावरून कळतें: निघाल्यावर अर्धशतक उलटलें तरी खंडन करणारास त्याला वगळून पुढें जातां आलें नाहीं.

याच वर्गांतील ब्रह्मेंद्रस्वामींच्या चरित्रावर राजवाडे यांनीं आपल्या साधनांच्या तिसऱ्या खंडाच्या प्रस्तावनेंत प्रखर टीका केली. पेशव्यांस व सरदारांस कर्ज देणारा, देणग्या व मानपान यांविषयीं दक्ष असा हा संन्यासी राष्ट्रगुरूच्या आसनावर बसविणें राजवाडे यांस मान्य नव्हतें. वादाचा निकाल कसाही लागो; चरित्रनायकाच्या प्रेमांत पडण्याची लोकप्रिय लेखकाची खोड त्या वादानें उघडी केली. आणि हेंही सांगितलें पाहिजे कीं, स्वामींचा पत्रव्यवहार चरित्राबरोबर छापून ती खोड पारखण्याचें साधन खुद्द पारसनीसांनींच वाचकांच्या हातीं दिलें होतें.

दुसरा वर्ग मूळ कागदांचा. ‘इतिहाससंग्रहां’तील पत्रें, दिल्ली येथील मराठ्यांच्या वकिलांचीं पत्रें, तसेंच पुरुषोत्तम विश्राम मावजी यांच्यासह संपादिलेलीं सनदापत्रें, वतनपत्रें आणि ‘तह व करारमदार’ हे संग्रह यांत येतात. निजाम-पेशव्यांच्या संबंधाचा अभ्यास करणारास हा वर्ग कथनवर्गाहून शतपट मोलाचा. पुण्याच्या पेशवे दप्तरांतून सरदेसाई यांनीं निवडलेले 45 भाग निघाले ते 1930 ते 1934 या काळांत. पारसनीस 1926 सालींच निवर्तले होते. सरकारी दप्तराचे दरवाजे संशोधकांस सहजीं उघडे नव्हते अशा दिवसांत त्यांनीं खासगी घराण्यांचीं बाडें उजेडांत आणिलीं, ही त्यांची थोरवी होय.

तिसरा वर्ग पुस्तकांचा नव्हे, संग्रहाचा. मेणवली येथील नाना फडणिसांचें दप्तर त्यांनीं मिळविलें. चित्रें, नकाशे, नाणीं, हस्तलिखितें यांची भर पडत जाऊन साताऱ्याचें ऐतिहासिक संग्रहालय उभें राहिलें. तो संग्रह 1939 सालीं पुण्याच्या डेक्कन कॉलेजांत आला. त्यांच्या समग्र ग्रंथसंपदेंत हाच ग्रंथ, न लिहिलेला असून, सर्वांत चिरंजीव ठरला.

आतां दोष. कोणता कागद कोणाच्या घरचा, कोणत्या रुमालांतला, अस्सल कीं नक्कल, याचा निर्देश पारसनीसांच्या पुस्तकांत सर्वत्र सारखा आढळत नाहीं. मासिकाच्या वाचकास त्याची गरज भासली नसेल. परंतु संशोधकाचें घोडें नेमकें तेथेंच अडतें. पत्र खरें असूनही त्याचें कूळ हरवलें कीं साक्ष लंगडी पडते. म्हणून आमचा पाठ असा आहे: त्यांचें कथन वाचावें तें विषयाची गोडी लागण्यासाठीं, छापलेलें पत्र घ्यावें तें मुळाशीं ताडून, आणि जेथें मूळ मिळत नाहीं तेथें तसें स्पष्ट म्हणून पुढें जावें.

या विवेचनाचा बीडकरांस उपयोग काय? त्या जिल्ह्यास लेखनपरंपरेचें दारिद्र्य नाहीं. अंबाजोगाईस दासोपंतांनीं सोळाव्या-सतराव्या शतकांत अफाट ग्रंथरचना केली. कागदावर न भागून पंचीकरण कापडावर लिहिलें. ती ‘पासोडी’ टिकली, कारण ती कोणाची, कोठली व कां जपावयाची हें जपणारांस ठाऊक होतें. देशमुख, देशपांडे, कुळकर्णी, काजी यांच्या घरच्या कागदांस असें भाग्य लाभत नाहीं. वांटण्या होतात, वाडे पडतात, मोडी वाचणारें माणूस घरांत उरत नाहीं, आणि रुमाल रद्दींत जातो.

तेव्हां संग्राहकांस आमची विनंति एवढीच. कागद हातीं येतांच प्रथम त्याच्या पाठीशीं चिठ्ठी जोडावी: कोणत्या गांवीं, कोणाच्या घरीं, कोणत्या तारखेस, कोणत्या बस्त्यांत मिळाला. वाचन मागाहून होईल, छपाई त्याहून मागाहून होईल. पण ही चार ओळींची नोंद त्या दिवशीं राहिली ती कायमची राहिली. पारसनीसांनीं एका आयुष्यांत जमविलें तितकें जमविणें कोणा विरळ्यासच साधेल. त्यांच्याकडून राहून गेलेली ही नोंद मात्र आपणांपैकीं प्रत्येकास करितां येण्यासारखी आहे, आणि राक्षसभुवनच्या परिसरांतील एखाद्या घरीं 1763 सालचा एक कागद जरी निघाला, तरी त्याचें मोल त्या चिठ्ठीवरच ठरणार आहे.