सावली न पडणारा उजेड

इंगमार बर्गमन यांचे ‘द सेव्हन्थ सील’ (१९५७) आणि ‘विंटर लाइट’ (१९६३) हे दोन चित्रपट लागोपाठ पाहिले, तर दिग्दर्शक एकच असूनही उजेड वेगळ्या घरचा वाटतो. पहिल्यात काळ्या-पांढऱ्याचा कडक विरोध आहे. दुसऱ्यात राखाडी, थकलेली दुपार आहे. या सहा वर्षांत बर्गमन बदलले हे खरे, पण त्यांचा छायालेखकही बदलला होता. गुन्नार फिशर यांच्या जागी स्वेन न्युक्विस्ट आले होते. चित्रपटाचा इतिहास दिग्दर्शकांच्या नावाने लिहिला जातो, तेव्हा असे बदल तळटीपेत जातात.

न्युक्विस्ट यांचा जन्म १९२२ साली स्वीडनमधल्या मूहेडा गावी झाला. आईवडील काँगोमध्ये मिशनरी होते, त्यामुळे बालपणाचा बराच काळ त्यांच्यापासून दूर गेला. १९४१ मध्ये ते सँड्र्यूज या चित्रसंस्थेत सहायक म्हणून लागले आणि १९४५ पासून स्वतंत्रपणे छायालेखन करू लागले. ‘सॉडस्ट अँड टिन्सेल’ (१९५३) या बर्गमन यांच्या चित्रपटाच्या छायालेखनात त्यांचा वाटा होता. खरी सोबत मात्र ‘द व्हर्जिन स्प्रिंग’पासून (१९६०) सुरू झाली.

‘विंटर लाइट’ची कथा नोव्हेंबरातल्या एका रविवारी, दुपारच्या काही तासांत घडते. चित्रीकरणाआधी बर्गमन आणि न्युक्विस्ट एका चर्चमध्ये तासन् तास बसून राहिले. ढगाळ दिवशी भिंतींवरचा उजेड कसा सरकतो याचे निरीक्षण त्यांनी केले आणि ठरावीक अंतराने फोटो काढून ठेवले. कलादिग्दर्शक पी. ए. लुंडग्रेन यांनी स्टुडिओत उभारलेल्या चर्चला मुद्दाम छत घातले, म्हणजे वरून दिवे टांगण्याचा मोहच होऊ नये. ढगाळ दिवशी सावल्या पडत नाहीत. मग पडद्यावरही त्या दिसता कामा नयेत. यासाठी दिव्यांचा झोत थेट न टाकता पडद्यांवरून परतवून आणि गाळून घेतला गेला. श्रद्धा गमावलेल्या पाद्र्याचा चेहरा या उजेडात उघडा पडतो. तिथे संवादाइतकेच काम प्रकाश करतो.

पुढे ‘पर्सोना’त (१९६६) चेहरा हेच दृश्य झाले. ‘क्राइज अँड व्हिस्पर्स’मध्ये (१९७२) लाल भिंतींच्या घरात खिडकीतून येणाऱ्या उजेडावर भिस्त ठेवली गेली. या चित्रपटासाठी १९७४ मध्ये आणि ‘फॅनी अँड अलेक्झांडर’साठी १९८४ मध्ये त्यांना ऑस्कर मिळाले.

हा माणूस केवळ ‘बर्गमन यांचा डोळा’ होता असे समजणे मात्र चूक ठरेल. कॉनरॅड रूक्स यांच्या ‘सिद्धार्थ’साठी (१९७२) ते भारतात आले. हेर्मान हेसे यांच्या कादंबरीवरच्या या चित्रपटात शशी कपूर आणि सिमी गरेवाल होते, आणि चित्रीकरण हृषीकेश व भरतपूरला झाले. उत्तरेच्या अंधुक दुपारींवर हात बसलेल्या माणसासमोर आता गंगाकाठचे ऊन होते. पोलान्स्की, लुई माल, वुडी ॲलन अशा परस्परांपासून दूर असलेल्या दिग्दर्शकांनी त्यांना बोलावले. ‘स्लीपलेस इन सिअ‍ॅटल’सारखा (१९९३) हलकाफुलका चित्रपटही त्यांनी केला. काँगोवरच्या ‘लियानब्रोन’ (१९६५) आणि स्वीडनमधल्या दुष्काळावरच्या ‘ऑक्सेन’ (१९९१) यांसारख्या चित्रपटांचे दिग्दर्शन त्यांनी स्वतः केले.

तारकोव्स्की यांच्या ‘सॅक्रिफाइस’साठी (१९८६) गोटलंड बेटावर एक घर प्रत्यक्ष जाळायचे होते, तेही एकाच अखंड शॉटमध्ये. ऐन वेळी कॅमेरा अडकला आणि घर जळून गेले. घर पुन्हा बांधले, पुन्हा पेटवले; या खेपेस दोन कॅमेरे लावले होते. आज पडद्यावर दिसते ते हे दुसरे घर. त्या वर्षी कान महोत्सवात न्युक्विस्ट यांना कलात्मक योगदानाचा खास पुरस्कार मिळाला.

१९९७ मध्ये त्यांचे आत्मचरित्र आले. नावाचा अर्थ ‘प्रकाशाविषयी आदर’. पुढे अफेझियाने त्यांची वाचा हिरावली आणि काम थांबले. २००६ मध्ये ते गेले. आदर हा शब्द त्यांनी नेमका निवडला होता. प्रकाशाला आपली सही करायला न लावता, त्या त्या गोष्टीला हवा तेवढाच उजेड देणे, हीच त्यांची शैली. म्हणूनच ती सहज ओळखू येत नाही, आणि इतिहासात तिची नोंद मुद्दाम करावी लागते.